भंगाळेबाईंचा सहा ऑगस्ट

भंगाळेबाई हजेरी घेताना आडनाव उच्चारत नसत, गावाचं नाव घेत. "जसोंडी?" असं आलं की मी उभा राहून "हजर" म्हणायचो. माझ्या शेजारी इच्छापूर बसायचा, मागच्या बाकावर राजघाट आणि लालबाग या दोघी. शहरातल्या मुलांना मोहल्ला, आम्हा खेड्यावाल्यांना गाव. एकाच गावची दोघं निघाली तर थोरला जसोंडी, धाकटा जसोंडी. एकदा तपासणीला आलेल्या साहेबांनी कपाळाला आठी घालून विचारलं, "मॅडम, ये क्या तरीका है?" बाईंनी त्यांना मराठीतच उत्तर दिलं. "साहेब, आडनाव विचारलं की पोराची जात कळते. गाव विचारलं की त्याची बस किती वाजता आहे ते कळतं. मला दुसरं लागतं."

बुऱ्हाणपूरच्या आमच्या मराठी शाळेत त्या इतिहास-भूगोल शिकवत. उंच, सडसडीत, सुती साडीच्या निऱ्यांना पिन लावलेली. शाळेत येत त्या स्कूटीवर, आणि डोक्यावर पांढरं हेल्मेट. त्या काळी आमच्या गावात हेल्मेट फक्त इंदूरला जाणारे घालत, त्यामुळे पोरं त्यांना मागून हेल्मेटबाई म्हणत. त्यांना ते माहीत होतं. "हेल्मेटबाई आली, पळा," असं म्हणत त्या स्वतःच वर्गात शिरायच्या. उशीर झाला, गृहपाठ राहिला, नकाशा आणला नाही, काहीही असो, त्यांचं एकच वाक्य असायचं: "कारण सांग, बहाना नको."

माझ्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजची पायरी चढलेलं नव्हतं. मी चढलो तो बाईंमुळे. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे जे लिहायचं आहे ते वाचून कोणाला वाटेल की या माणसाला उपकाराची जाणीव नाही. जाणीव आहे, म्हणून तर हे लिहायला इतका काळ गेला. ज्या घरावर दुःख कोसळलं त्या घरातली नावं मी बदलली आहेत.

बाई शकुन-अपशकुन मानत नसत, आणि न मानण्यात त्यांना मजाही यायची. शाळेत कॉम्प्युटरची खोली झाली तेव्हा प्राचार्यांनी दारावर लिंबू-मिरच्या बांधून घेतल्या. दुपारी शिक्षकांच्या खोलीत पोहे झाले. सगळ्यांनी खायला सुरुवात केली आणि कोणीतरी म्हणालं, "आज लिंबू मस्त आहे. कुठून आणलं?"

"दारावरचं," बाई म्हणाल्या. "ताजं होतं."

"अहो मॅडम, ते नजर लागू नये म्हणून बांधलं होतं!"

"मग बरंच झालं. आता पोह्यांना नजर लागायची नाही."

एक सर तोंडातला घास गिळावा की थुंकावा या विचारात तसेच बसून राहिले होते, असं शिपाईकाका आम्हाला कितीतरी दिवस नक्कल करून दाखवत.

मी नववीत असताना सूर्यग्रहण आलं. घराघरात आया सांगत होत्या, बाहेर पडू नका, खाऊ नका, पाण्यात तुळस टाका. बाईंनी आम्हाला मैदानात बोलावलं आणि घरून पिठाची चाळणी आणली. ती उन्हात धरली तर जमिनीवर चाळणीच्या प्रत्येक भोकाखाली एकेक चंद्रकोर उमटली होती. लालबागची रूपाली खाली बसून त्या कोरींवर बोट ठेवत होती, जणू त्या उचलता येतील. मग बाईंनी डबा उघडून आमच्यासमोर चिवडा खाल्ला आणि डबा पुढे केला. "ज्याला भूक आहे त्यानं घ्यावं. जबरदस्ती नाही." आधी कोणी हात पुढे केला नाही. पहिला हात रूपालीचा होता.

बारावीनंतर मला खंडव्याच्या कॉलेजात प्रवेश मिळत होता. गावातल्या गुरुजींनी पत्रिका पाहून वडिलांना सांगितलं, हे साल पोराला घराबाहेर धाडू नका. वडील केळीच्या बागेत मजुरी करत, गुरुजींचा शब्द ते मोडणार नव्हते. बाई स्कूटीवर जसोंडीला आल्या. आईने केलेलं भरीत-भाकरी खाल्ली, दुसऱ्यांदा भरीत मागून घेतलं, आणि मग म्हणाल्या, "दादा, गुरुजी काय म्हणतात?"

"बाईसाहेब, शनी आडवा आहे म्हणतात."

"आणि पुढच्या साली?"

"पुढच्या साली मोकळं आहे म्हणतात."

"पुढच्या साली कॉलेज याला घेणार नाही, ते आडवं होईल. मग शनीला काय करायचं ते तुम्ही बघा, कॉलेजचं मी बघते." वडील हसले. शेतावर काम करणाऱ्या माणसाला मोसम चुकला की काय होतं हे कळतं. मी खंडव्याला गेलो.

आता सहा ऑगस्टबद्दल सांगतो.

बाईंचा धाकटा भाऊ मशिनरीच्या कंपनीत होता आणि काही वर्षं जपानमध्ये होता. एका उन्हाळ्यात त्याने बाईंना तिकडे नेलं. परत येताना त्यांनी शिक्षकांसाठी मिठाई आणली, ती मावा जिलेबीवर वाढलेल्या आमच्या शिक्षकांना अजिबात चालली नाही. "ही मिठाई आहे की औषध?" असं म्हणून सगळ्यांनी एकेक तुकडा खाऊन ठेवून दिला. आम्हाला मात्र बाईंनी वर्गात एकच गोष्ट सांगितली. हिरोशिमात एक संग्रहालय आहे. त्यात बॉम्ब पडला त्या दिवशी मेलेल्या माणसांच्या वस्तू ठेवल्या आहेत. तलवारी नाहीत, मुकुट नाहीत. चपला, चष्मे, शाळेचा फाटका सदरा, लहान पोराची तीन चाकी सायकल. आणि एक डबा.

"डब्याला झाकण होतं," बाई म्हणाल्या. "आतलं अन्न कोळसा झालेलं. पोरानं डबा उघडलाच नव्हता. शाळेतलीच पोरं होती ती, तुमच्याएवढी. सकाळी सव्वाआठची वेळ. मधली सुट्टी व्हायची होती."

त्यांना डब्यापेक्षाही दुसरी एक गोष्ट लागली होती. वस्तूखाली ती कोणाची आणि कोणी दिली हे लिहिलेलं होतं, आणि देणारी पुष्कळदा आई होती. म्हणजे त्या आयांनी ती जळकी वस्तू घरात वर्षानुवर्षं ठेवली होती. "आपण काय करतो?" बाई म्हणाल्या. "तेराव्याला गादी, छत्री, चपला, तांब्या, सगळं देऊन मोकळे होतो. बाकीचं राजघाटावरून तापीत सोडतो. मी माझ्या आईचा चष्मासुद्धा सोडला. आता तिचे डोळे आठवायला मला फोटो बाहेर काढावा लागतो."

त्या वर्षीपासून त्यांनी सहा ऑगस्ट सुरू केला. आदल्या दिवशी नववी-दहावीच्या प्रत्येकाने घरून आपली एक वस्तू आणायची. नवी नको, धुतलेली नको, रोजच्या वापरातली. हॉलमध्ये बाकं जोडून लांब टेबलं करायची, त्यांवर पांढऱ्या चादरी टाकायच्या आणि वस्तू मांडायच्या. प्रत्येक वस्तूपुढे एक चिठ्ठी, ती आपण नाही लिहायची, शेजारच्याने लिहायची. तिच्यात दोनच गोष्टी: ही वस्तू कोणाची, आणि तो आज संध्याकाळी काय करणार होता. कोणी "तो फार हुशार व शांत होता" असं लिहिलं की बाई चिठ्ठी परत करायच्या. "हे सगळ्यांबद्दल लिहितात. संध्याकाळचं लिही."

दुसऱ्या दिवशी सव्वाआठला हॉल उघडायचा. अनवाणी, न बोलता आत जायचं आणि टेबलांच्या कडेने चालत आपली वस्तू शोधायची.

मी माझा स्टीलचा डबा नेला होता, त्यावर आईचं नाव टोचून घातलेलं. इच्छापूरने चिठ्ठी लिहिली होती: "हा डबा जसोंडीचा. आज संध्याकाळी तो वडिलांबरोबर केळीला पाणी सोडणार होता." मी ती वाचली आणि माझ्या मनात पहिला विचार आला, मग पाणी कोण सोडणार? त्याआधी मी युद्धावर पाच-पाच गुणांची उत्तरं पाठ केली होती, कारणं आणि परिणाम. परिणाम मला त्या दिवशी कळला. पलीकडे रूपाली आपल्या रिबनीपुढे उभी राहून रडत होती. "आज संध्याकाळी रूपाली आजीला भाजीबाजारात नेणार होती."

घंटा झाली की प्रत्येकाने आपली वस्तू आपण उचलायची, आणि दाराशी बाई केळ्यांची पाटी घेऊन उभ्या असायच्या. "मरून आलात ना? भूक लागली असेल. खा." मग एकदम गलका व्हायचा. घरी कुठल्या आईने कुरकुर केली, असलं अभद्र कशाला म्हणाली, तर बाई तिच्या घरी जाऊन चहा घ्यायच्या आणि समजावून यायच्या. प्राचार्य तर दरवर्षी वर्तमानपत्राला फोन करून फोटोवाल्याला बोलवायचे, आणि चादरींच्या मधोमध स्वतः उभे राहायचे.

शिकून मी त्याच शाळेत अतिथी शिक्षक म्हणून लागलो. तोवर बाईंच्या वेणीत पांढरं जास्त झालं होतं, हेल्मेट तेच होतं. त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर बसायला मला बरेच दिवस अवघड वाटायचं. "बस रे जसोंडी," त्या म्हणायच्या, "खुर्चीला माहीत नाही तू कोण आहेस."

त्या वर्षी नववीत पीयूष होता. शनवारा मोहल्ल्याचा. वडिलांचे चार यंत्रमाग, थोरला भाऊ हर्षल वडिलांच्या हाताखाली. पीयूषच्या मागच्या खिशात सदा कंगवा. बाई फळ्याकडे वळल्या की हा भांग पाडायचा.

"शनवारा, कंगवा आत. वर्गात आरसा नाही."

"बाई, मला आरसा नाही लागत. अंदाज आहे."

"भूगोलाचा पण असाच अंदाज असू दे कधीतरी."

सहा ऑगस्टसाठी त्याने कंगवाच आणला, दोन दात तुटलेला. शेजारच्याने चिठ्ठी लिहिली: "हा कंगवा पीयूषचा. आज संध्याकाळी तो दादाच्या नव्या गाडीवर बसून इच्छापूरला जाणार होता." बाई चिठ्ठ्या तपासत होत्या, मी शेजारी होतो. ती वाचून त्या हसल्या. "बघ रे, संध्याकाळ असावी तर अशी. छान लिहिलंय," असं म्हणून त्यांनी ती चादरीवर ठेवली. दुसऱ्या दिवशी पीयूषने कंगवा उचलला, केळं खाल्लं, आणि दाराशीच भांग पाडून घेतला.

त्या संध्याकाळी पाऊस होता, म्हणून ते इच्छापूरला गेले नाहीत. ते गेले पुढच्या एका रविवारी, इच्छादेवीच्या दर्शनाला. येताना हर्षलने केळीच्या ट्रकला मागे टाकायचा प्रयत्न केला. समोरून दुसरी गाडी आली. हर्षलचा हात मोडला. पीयूष जागेवरच गेला.

शाळा सुन्न झाली. पण काही दिवसांत त्या चिठ्ठीची गोष्ट मोहल्ल्यात फिरू लागली. बाईने लिहून घेतलं होतं, इच्छापूर, दादाची गाडी, सगळं तसंच झालं. जित्या पोरांना मेलेल्यांच्या टेबलावर मांडायची ही कुठली शाळा? तेराव्यानंतर पीयूषचे मामा चार माणसं घेऊन शाळेत आले आणि व्हरांड्यात उभे राहून ओरडले, "आमच्या जित्या पोराचं श्राद्ध घातलं या बाईनं! इथं, शाळेत!"

प्राचार्य धावत बाहेर आले. मला वाटलं, आता हे काही समजावतील. ते म्हणाले, "भाऊसाहेब, मी तर दरवर्षी सांगत होतो, मॅडम, ये ठीक नहीं है. ऐकतच नाहीत." ज्या भिंतीला टेकून ते हे बोलत होते तिच्यावर मागच्या वर्षीच्या बातमीचं कात्रण काचेत लावलेलं होतं. बाकीचे शिक्षक आपापल्या वर्गात गेले.

बाई व्हरांड्यातून खाली उतरल्या. स्कूटी काढून घरी गेल्या.

संस्थेने रविवारी बैठक ठेवली. पीयूषच्या घरचे येणार होते, बाईंनी उत्तर द्यायचं होतं. आम्हा जुन्या विद्यार्थ्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर दोन दिवस दुसरा विषय नव्हता. बाईंच्या नोकरीचा सवाल तर होताच, पण आमच्यासाठी प्रश्न त्याहून मोठा होता. त्यांनी जे शिकवलं त्यावर आमच्यापैकी कितीजण घर सोडून शिकले होते, कितीजणांनी घरात भांडणं घेतली होती. आता गाव म्हणत होतं की ते शिकवणंच पोराला भोवलं. इच्छापूर जळगावहून आला, कोणी इंदूरहून, कोणी पुण्याहून. रूपाली लालबागहून आपल्या लहान मुलीला कडेवर घेऊन आली. मी बोलायचं ठरलं होतं, आणि काय बोलायचं ते सरळ होतं: टेबलावर साऱ्या वर्गाच्या वस्तू होत्या. एवढ्या वर्षांत शेकडो पोरांच्या होत्या. पीयूष रस्त्यावर गेला, अपघातात गेला. चिठ्ठीने कोणी मरत नाही.

बैठक त्याच हॉलमध्ये होती. पुढे संस्थेचे सचिव आणि प्राचार्य, एका बाजूला पीयूषची आई, वडील, मामा. हर्षल दारात उभा होता, हात गळ्यात बांधलेला. त्याला कोणी बस म्हटलं नाही. त्याच्या घरच्यांपैकी कोणी त्याच्याकडे पाहतही नव्हतं. हे मी पाहिलं होतं, पण तेव्हा माझं लक्ष माझ्या भाषणात होतं.

मामा बराच वेळ बोलले. मी उठणार एवढ्यात पीयूषची आई उभी राहिली. डोक्यावरचा पदर सावरून ती सरळ बाईंशी बोलली.

"मॅडमजी, मी शिकलेली नाही. त्याचा कंगवा मी नदीत सोडला, हातातून सुटत नव्हता. तुम्ही तो मेलेल्यांच्या टेबलावर मांडला, माझं पोरगं जितं असताना. मला फक्त एक सांगा. तुमच्या त्या टेबलानं झालं का हे?"

हॉलमध्ये आम्ही सगळे बाईंकडे पाहत होतो. मला उत्तर माहीत होतं. आमच्यापैकी प्रत्येकाला माहीत होतं. कारण सांगा बाई, असं मी मनात म्हणत होतो.

बाई उठल्या. तिच्यासमोर गेल्या आणि त्यांनी हात जोडले.

"हो ताई," त्या म्हणाल्या. "त्यानंच झालं. माझ्यामुळं झालं. मी नको ते केलं. दुसऱ्या कोणाचा दोष नाही."

पीयूषची आई मटकन खाली बसली आणि मोठ्याने रडू लागली. भंगाळेबाई तिच्याजवळ जमिनीवर बसल्या. सचिव घाईघाईने म्हणाले, "ठीक आहे, मॅडमनी मान्य केलंय, आता विषय वाढवायला नको."

मागून रूपालीचा आवाज आला. "बाई, हे काय बोलून राहिल्या तुम्ही?"

बाईंनी वळून पाहिलं नाही.

"बाई, मी पोटुशी असताना ग्रहणात अंगणात गेले. चाळणी घेऊन. सासूनं तीन महिने अबोला धरला, पण मी ऐकलं नाही. तुमच्या भरवशावर! आता मी घरी काय तोंड दाखवू? सासू म्हणेल, बघ, तुझ्या बाईनंच सांगितलं. ही पोर उद्या साधी शिंकली तरी माझंच नाव निघेल." मुलगी रडायला लागली तशी रूपाली तिला घेऊन बाहेर गेली. दारात हर्षल बाजूला सरकला.

मी जागेवरून उठलोच नाही. बोलायला उरलंच काय होतं? ज्यांच्या बाजूने बोलायचं त्यांनीच विरुद्ध साक्ष दिली होती. बाहेर इच्छापूर बसस्टँडकडे निघाला होता. "चार तास बसमधी उभा राहून आलो भो," तो म्हणाला. "हे ऐकायला." त्या आठवड्यात ग्रुपमधून एकेक जण बाहेर पडत गेला.

बाईंनी ते वर्ष पुरं केलं आणि मुदतीआधीच निवृत्ती घेतली. निरोप समारंभ नको म्हणाल्या, आणि खरं सांगायचं तर कोणी आग्रहही केला नाही. पुढच्या ऑगस्टमध्ये प्राचार्यांनी हॉलची शांती करून घेतली, नारळ फोडला, आणि त्या दिवशी हॉलला कुलूप लावलं. मी वर्गात नेहमीसारखा हिरोशिमाचा धडा घेत होतो. संग्रहालयाबद्दल सांगितलं, डब्याबद्दल सांगितलं. पहिल्या बाकावरची एक मुलगी मनापासून विचारू लागली, "सर, त्या पोरांच्या वस्तू पण आधी कोणी टेबलावर मांडल्या होत्या का?"

वर्गात कोणी हसलं नाही. सगळ्यांना तो प्रश्न बरोबर वाटला होता. मी त्या मुलीला विमान, बॉम्ब, सरकारं, सगळं समजावलं. पण ती घरी काय घेऊन गेली असेल याची मला कल्पना आहे. बाईंचा मला खरा राग आला तो त्या दिवशी.

त्यानंतर बऱ्याच काळाने शनवाऱ्याजवळ चहाच्या टपरीवर हर्षल भेटला. हात बरा झाला होता. माग चालवणाऱ्यांची सवय, तो मोठ्याने बोलत होता, मग एकदम हळू बोलू लागला.

"सर, तुम्ही लोक भंगाळे मॅडमवर नाराज आहात ना?"

मी दुसरा चहा सांगितला.

"त्या मीटिंगच्या आधी आई माझ्याशी बोलत नव्हती. पप्पा पण नाही. आई एकदाच बोलली होती, त्याच्याऐवजी तू का नाही. मतलब, रागात. मला पण तेच वाटायचं सर. मी एकटाच मागाच्या खोलीत झोपायचो, आणि तिथं..." तो ग्लास फिरवत राहिला. "त्या दिवशी घरी गेल्यावर आईनं ताट वाढलं मला. काही बोलली नाही. पण वाढलं. मॅडमनी मला वाचवलं सर."

"मग हे तू कोणाला सांगितलं का नाहीस?"

"काय सांगू? गाडी मी चालवत होतो, हे?"

मी तसाच गाडी काढून बाईंच्या घरी गेलो. इतका काळ जो काटा मनात होता तो निघाला असं मला वाटत होतं. बाई ओट्यावर बसून भुईमुगाच्या शेंगा फोडत होत्या. बाई अंगाने वाळल्या होत्या. मला पाहून त्यांनी सूप सरकवून जागा केली, जणू मी काल येऊन गेलो होतो. मी हर्षलचं सगळं सांगितलं.

"जेवतो ना आता नीट?" त्यांनी विचारलं.

"जेवतो. बाई, तुम्ही त्याच्यासाठी खोटं बोललात ना?"

त्या शेंगा फोडत राहिल्या. "तुला काय हवंय? मी हो म्हणू?"

"हो."

"म्हटलं तर काय करशील?"

"रूपालीला फोन करीन. आजच. इच्छापूरला करीन. सगळ्यांना सांगीन."

बाईंनी हात थांबवले. "पोरगं दारात उभं होतं ते मला दिसत होतं. नाही दिसलं असं नाही. दुसऱ्या कोणाचा दोष नाही म्हणाले ते त्याच्यासाठीच. पण आधीचं, माझ्यामुळं झालं म्हणाले ते... ते खोटं नव्हतं रे. तिनं विचारलं तेव्हा मला ते खरंच वाटलं."

"बाई, असं कसं?"

"चिठ्ठी मी वाचली होती. तू होतास. नवी गाडी, चालवणारा नवखा पोरगा, तो रस्ता, रस्त्यावर केळीचे ट्रक. मी काय म्हणाले? छान लिहिलंय म्हणाले. रोज हेल्मेट घालून येणारी मी. एकदा त्याच्या भावाला निरोप द्यायला काय झालं होतं मला?"

"ती चूक झाली बाई. चूक वेगळी, अपशकुन वेगळा. हे तुम्हीच शिकवलंत."

"दिवसा मला पण ते वेगळं वाटतं," बाई म्हणाल्या.

मी बराच वेळ बसलो. त्यांनी पुढे काही सांगावं, निदान ती एक चूक होती, बाकी शिकवलं ते खरंच होतं, एवढं तरी म्हणावं, याची वाट पाहत होतो. त्यांनी आईची तब्येत विचारली, वडिलांचे गुडघे विचारले. शेवटी मी उठलो. चप्पल घातली, गाडीला किल्ली लावली. शेजारच्या घरात कोणीतरी शिंकलं.

"थांब," बाई म्हणाल्या.

मला वाटलं, सांगायचं राहिलेलं आता सांगतील.

"बस जरा. पाणी पी, मग जा."

"बाई!"

"दोन मिनिटांनी काय बिघडतं?" त्या माझ्याकडे पाहत नव्हत्या. आत जाऊन त्यांनी पाणी आणलं आणि माझ्यासमोर धरलं. मी पेला घेतला.

मी पुन्हा ओट्यावर बसलो. तहान नव्हती, तरी प्यायलो. समोरच्या रस्त्याने एक ट्रक गेला, त्याच्यामागे दोन पोरं मोटारसायकलवर. बाईंनी ती पोरं वळणावरून दिसेनाशी होईपर्यंत पाहिली.

"हं," त्या म्हणाल्या. "आता जा."

मी निघालो. रूपालीला मी फोन केला नाही.